फोटो नसलेल्या गावाचा सिनेमा

उन्हाळ्यात सोलापूर जिल्ह्यात कुठंही चहाला थांबलं की एक वाक्य कानावर पडतंच : ‘उजनी मायनसमध्ये गेली.’ ते पेपरच्या मथळ्यात असतं, एसटी स्टँडवर असतं, ऊस लावलेल्या शेतकऱ्याच्या कपाळावरच्या आठीतही असतं. त्यामागचा हिशेब साधा आहे. भीमेवरचं हे धरण १९८० मध्ये पूर्ण झालं. त्याचा एकूण साठा सुमारे ११७ टीएमसी. त्यातलं ६३ टीएमसीहून जास्त पाणी मृत साठ्यात मोडतं, म्हणजे अर्ध्याहून अधिक. वरचं जिवंत पाणी संपलं की तिथं शून्य धरायचं आणि पुढची मोजदाद उण्यात करायची. उणे दहा टक्के, उणे तीस टक्के.

या उण्याच्या दिवसांत पाण्याखालचा मुलूख वर यायला लागतो. आधी जुन्या रस्त्याची कड दिसते, मग घरांची जोती, विहिरीचं कडं, एखाद्या पडक्या गढीची भिंत. इंदापूरच्या बाजूला पळसदेवचं पळसनाथाचं जुनं मंदिर शिखरासकट उघडं पडतं आणि पुण्या-मुंबईहून गाड्या भरून लोक बघायला येतात. पण त्यांच्याआधी तिथं दुसरेच लोक येऊन गेलेले असतात. ज्यांची घरं त्या चिखलात आहेत, ते.

संपादकांनी या अंकासाठी ‘स्मृती आणि भूमी’ असा विषय सुचवला तेव्हा माझ्या डोक्यात एक नाव होतं, सोलापूरच्या अक्षय इंडीकरचं. आठवण, जागा आणि शांतता एवढ्यावर सिनेमा उभा करू पाहणारा हा दिग्दर्शक. पण त्याच्या सिनेमांविषयी लिहायचं तर ज्या जिल्ह्यातून तो आला तिथली जमीन आधी पाहावी म्हणून निघालो, आणि पहिला धडा करमाळ्याकडच्या काठावर एका साठीपलीकडच्या शेतकऱ्याकडून मिळाला.

तोंड कुठं करून उभं राहायचं

गावाविषयी विचारलं तर ते नुसते ‘होतं की गाव, मोठं होतं’ एवढंच म्हणत राहिले. नाव, घरांची अंदाजे संख्या, कोणती जत्रा भरायची, सगळी उत्तरं तुटक. मग बोलता बोलता आम्ही भेगाळलेल्या गाळावरून खाली उतरलो. एका दगडी कडेजवळ ते थांबले. वहाणा काढल्या, दोन पावलं मागं गेले, अंग वळवून पूर्वेला तोंड केलं. आणि मग बोलणं सुरू झालं ते थांबेना. हा उंबरा. इथं उजव्या हाताला रांजण. समोरून आत्या यायची ती या बोळातून. पायानं रेघ ओढून त्यांनी चूल दाखवली, गोठा दाखवला, गाय व्यायली तो कोपरा दाखवला. मध्येच त्यांची दिशा चुकली तेव्हा वाक्यही अडलं. पुन्हा जोत्याकडं बघून अंग सरळ केलं, आणि वाक्य पुढं गेलं.

त्या घराचा फोटो नाही. १९७०च्या दशकात अशा गावात कॅमेरा आलाच तर लग्नापुरता, तोही मोजक्या घरांत. सरकारी दप्तरात गाव आहे : सातबारे, मोबदल्याच्या नोंदी, विहिरी आणि झाडांची गणती. आंब्याच्या झाडाला किती रुपये धरले ते कागदावर सापडेल. त्याच्याखाली दुपारी कोण आडवं व्हायचं, ते सांगायला या म्हाताऱ्यांना तिथंच आणून उभं करावं लागतं.

सिनेमाच्या भाषेत हा कॅमेरा कुठं ठेवायचा याचा प्रश्न आहे. बातमीवाला कॅमेरा माणसाच्या तोंडासमोर येतो आणि विचारतो, सांगा. स्मृतीच्या मागं लागलेला कॅमेरा माणसाच्या शेजारी, त्याच दिशेला तोंड करून उभा राहतो आणि थांबतो. हा फरक मला पडद्यावर आधी कळला नव्हता, त्या गाळात कळला.

यात एक क्रूर गंमतही आहे. हे गाव कॅमेऱ्याला दिसायचं तर दुष्काळ पडावा लागतो. पाऊस चांगला झाला, उजनी शंभर टक्के भरली, जिल्हा सुखावला की चित्रीकरणाची जागा पाण्याखाली. उजनीवर असा माहितीपट करायला निघालेल्या माणसाला मनातल्या मनात कशाची वाट पाहावी लागेल, हे त्यानं काठावरच्या लोकांना न सांगितलेलंच बरं.

काही घडत नाही, असा आरोप

अक्षय इंडीकरनं सुरुवात केली ती एका लेखकापासून. ‘उदाहरणार्थ नेमाडे’ हा २०१६ चा चित्रपट. त्याला माहितीपट म्हणावं तर तो पुरता माहितीपट नाही. भालचंद्र नेमाडे यांचं खरं आयुष्य आणि त्यांच्या कादंबऱ्यांतलं कल्पित जग तो एकमेकांत कालवतो. साहित्यिकांवरच्या माहितीपटाचा आपल्याकडं एक ठरलेला घाट आहे : जन्मगाव, शाळेची इमारत, पुस्तकांचं कपाट, चार समीक्षक, शेवटी पुरस्कार. विशीतल्या एका मुलानं पहिल्याच कामात हा घाट बाजूला ठेवला, आणि तोही ‘कोसला’च्या लेखकाबाबत, ज्याच्यावर मराठीत प्रत्येकाचं काही ना काही मत आहे. धाडस म्हणून हे मला आजही मोठं वाटतं.

पुढचा ‘त्रिज्या’ कथापट आहे, पण त्याची नजर माहितीपटाची आहे. पुण्यात वृत्तपत्रात काम करणारा अवधूत हा तरुण (अभय महाजन) शहरात रुजत नाही आणि मागं सोडलेल्या जागेतही मावत नाही. गोष्ट एवढीच. पडद्यावर मात्र रस्ते, खोल्या, पाणी, झाडी, धुकं हे सगळं त्याच्याइतकंच महत्त्वाचं होऊन बसतं. २०१९ मध्ये शांघायच्या महोत्सवात तो पहिल्यांदा दाखवला गेला. त्यानंतरचा ‘स्थलपुराण’ २०२० मध्ये बर्लिन महोत्सवाच्या लहान मुलांसाठीच्या विभागात होता. वडील नाहीसे झाल्यावर आठ वर्षांचा दिघू आई-बहिणीसोबत पुण्याहून कोकणात आजोळी येतो आणि समोर समुद्र असतो. वडील कुठं गेले हे सिनेमा सांगत बसत नाही. नसलेल्या माणसाची जागा किती मोठी असते, ते तो घराच्या ओसरीवरून, पावसातून, पोराच्या गप्प बसण्यातून मोजत राहतो. त्याच वर्षी आशिया पॅसिफिक स्क्रीन अवॉर्ड्समध्ये इंडीकरला तरुण दिग्दर्शकांसाठीचा पुरस्कार मिळाला.

‘काही घडतच नाही हो,’ ही या चित्रपटांविषयीची तक्रार मी अनेकांकडून ऐकली आहे आणि ती मी उडवून लावणार नाही. ‘त्रिज्या’ काही ठिकाणी स्वतःच्याच शांततेवर खूश होऊन बसतो असं मलाही वाटतं. एखादी चौकट सुंदर आहे म्हणून लांबली आहे, गरज आहे म्हणून नाही. पण जिथं ही चाल जमते, तिथं प्रेक्षकाला त्या जागेत रेंगाळण्याची मुभा मिळते, आणि थोड्या वेळानं त्याला स्वतःचंच काहीतरी आठवायला लागतं.

या चालीचा सोलापूरच्या जमिनीशी संबंध असावा, असा माझा तर्क आहे. मंगळवेढ्याकडं जा. काळ्या रानाची सपाटी, मधे एखादी बाभळ, आणि क्षितिज इतकं लांब की येणारा माणूस ओळखू येण्याआधी बराच वेळ नुसता ठिपका असतो. परतीच्या पावसावर मालदांडी ज्वारी पेरायची, संक्रांतीच्या सुमाराला हुरडा, माळ्यावर गोफण घेऊन पाखरं हाकणारं पोरगं, मग काढणी. नंतर जूनपर्यंत रान उघडं. उजनीच्या कालव्यांनी हे चित्र बदललं. ऊस बारा-अठरा महिने उभा असतो. रस्त्याच्या दोन्ही अंगांना हिरव्या भिंती, मधून ट्रॅक्टरच्या जोड-ट्रॉल्या. पैसा आला, नजर अडली. ज्या पिढीनं लहानपणी मोकळं रान पाहिलं आणि मोठेपणी त्याच रस्त्यावर ऊस, तिला ‘तेव्हा इथून पार देवळाचं शिखर दिसायचं’ हे सांगताना हात वर करून दाखवावं लागतं.

वरच्या अंगाला, कोंडवळ

भीमा जिथून उगम पावते त्या भीमाशंकरच्या जंगलात कोंडवळ नावाचं गाव आहे. तिथं पायल कपाडियानं ‘अँड व्हॉट इज द समर सेयिंग’ हा छोटा माहितीपट केला. २०१८ मध्ये तो बर्लिनला लघुपटांमध्ये होता. पुढं कानमध्ये ग्रां प्री मिळवणारी हीच ती दिग्दर्शिका, पण तेव्हा हे नाव फार कुणाला ठाऊक नव्हतं.

त्या माहितीपटात मध शोधायला झाडांच्या शेंड्यांकडं बघत फिरणारा एक जण आहे, दुपार आहे, जमिनीतून निघणारा विचित्र धूर आहे. आणि बायका आहेत, ज्या दिसतच नाहीत. त्यांचे फक्त आवाज ऐकू येतात, कुजबुजत्या मराठीत, हरवलेल्या प्रेमाविषयी. गावातल्या बाईला कॅमेऱ्यासमोर बसवून ‘तुमचं लग्नाआधी कुणावर मन होतं का’ असं विचारलं तर काय उत्तर येईल ते आपल्याला माहीत आहे. चेहरा काढून घेतला, आवाज जंगलावर सोडला, की बाई बोलती होते. नवरा, दीर, सासू कुणीही तो पडद्यावर पाहिला तरी बोट दाखवायला कुणी सापडत नाही.

ही युक्ती आपल्या बायकांना सिनेमाच्या कितीतरी आधीपासून ठाऊक होती. पहाटेच्या अंधारात जात्यावर बसून त्या जे गात, ते दिवसाउजेडी तोंडावर म्हणता आलं नसतं. हेमा राईरकर आणि गी पॉइतवँ यांनी महाराष्ट्रातल्या गावोगावी फिरून अशा एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या. ते काम आता ‘परी’ या संकेतस्थळानं पुढं नेलं आहे. त्यातलं काही ध्वनिमुद्रितही आहे. प्रायोगिक माहितीपट शिकणाऱ्या मुलांना मी आधी हे ऐकायला सांगेन, परदेशी चित्रपट त्यानंतर.

पंढरपूरचा कंदील

कोंडवळची नदी उजनीत अडते आणि तिथून सुटून पंढरपुरात चंद्रभागा होते. १९१५ मध्ये इथं मकबूल फिदा हुसेन जन्मले. चित्रकार हुसेन सगळ्यांना ठाऊक आहेत, त्यांच्यावरचे वादही ठाऊक आहेत. पण स्मृतीच्या माहितीपटाचा विषय निघाला की हा माणूस टाळताच येत नाही.

हुसेन दीड-दोन वर्षांचे असताना त्यांची आई गेली. तिचा एकही फोटो नव्हता. चेहरा आठवायला काही आधारच नाही, हे दुःख ते आयुष्यभर बोलून दाखवत आले, आणि त्यांच्या चित्रांतल्या कितीतरी बायकांना चेहरा नाही. त्यांचे आजोबा कंदिलांची दुरुस्ती करत. तो कंदील मात्र राहिला. चित्रांत तो पुन्हा पुन्हा येतो, आणि सिनेमातही आला.

१९६७ मध्ये सरकारच्या फिल्म्स डिव्हिजननं हुसेनना एक माहितीपट करू दिला : ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’. जहांगीर भावनगरी तेव्हा तिथं सल्लागार होते आणि नव्या लोकांना हवं ते करू देत होते. हुसेन राजस्थानात गेले : बुंदी, चितोड, जैसलमेर. वीस मिनिटांच्या आतला काळा-पांढरा माहितीपट. त्यात सतत काहीतरी समजावून सांगणारा तो ओळखीचा सरकारी आवाज नाही. विजय राघव राव यांचं संगीत आहे, आणि पडद्यावर छत्री, जोडा, कंदील, गाय. वस्तू उन्हात ठेवलेल्या, कधी रिकाम्या जागेत, कधी भिंतीपाशी. अर्थ लावायचा तर लावा, नाहीतर नुसतं बघा. बर्लिन महोत्सवात त्याला लघुपटासाठीचं सुवर्ण अस्वल मिळालं.

आता त्या काळचं थिएटर डोळ्यांपुढं आणा. प्रत्येक खेळाआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट दाखवणं टॉकीजवाल्यांना सक्तीचं होतं. धरणं, लसीकरण, पंचवार्षिक योजना. प्रेक्षक तेवढ्या वेळात बाहेर बिडी ओढून येत, किंवा मुद्दाम उशिरा पोचत. आपल्याकडं ‘डॉक्युमेंट्री’ म्हटलं की चेहरा पडतो त्याचं मूळ इथं आहे. आणि त्याच संस्थेत त्याच सुमाराला हुसेन, प्रमोद पती, एस. एन. एस. शास्त्री, सुखदेव ही माणसं असलं काही करत होती जे आजही धीट वाटतं. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाली.

पंढरपूरच्या गल्ल्यांतून फिरताना मी बुक्का, चुरमुरे, तुळशीच्या माळांच्या दुकानांमागं जुन्या फोटो स्टुडिओंच्या पाट्या शोधत होतो. कारण खेड्यातल्या अनेक घरांत आजा-आजीचा जो एकच फोटो असतो, तो यात्रेत काढलेला असतो. मागं रंगवलेला पडदा, आजोबांच्या हातात वीणा किंवा छत्री, आजीची नजर कॅमेऱ्याच्या जरा बाजूला. त्या माणसांच्या रोजच्या अंगणाचा, रानाचा फोटो नाहीच. जागा गेली की तिची साक्ष द्यायला फक्त सांगणारा उरतो.

सिनेमानं बळकावलेली जागा

उलटंही होतं. नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे. ‘फँड्री’ आणि ‘सैराट’नं हा मुलूख पडद्यावर आणला, आणि आणला तो त्यातल्या माणसांच्या बोलीसकट, जातीच्या उतरंडीसकट. ‘सैराट’ही २०१६ मध्ये बर्लिनला गेला होता. म्हणजे या एका जिल्ह्याच्या मातीतले तीन सिनेमावाले बर्लिनला जाऊन आले, तिघंही एकमेकांसारखे जराही नाहीत.

आज करमाळ्याकडं कुणाला पत्ता विचारला तर ‘आर्ची-परश्या बसले होते ना, तिथून डावीकडं’ असं उत्तर मिळू शकतं. त्या जागेची आधीची ओळख काय होती, कुणाची मोट तिथं चालायची, हे विचारायला कुणी थांबत नाही. लोकप्रिय सिनेमा जागेवर स्वतःची आठवण बसवतो आणि ती फार पक्की बसते. यात मंजुळेंचा दोष नाही. ताकदीच्या कामाचा तो परिणाम आहे. पण इंडीकर किंवा कपाडिया यांच्या वाटेचं मोल मला इथं जास्त कळतं. ते जागेत आले तसे हलक्या पायानं निघून जातात.

उजनीच्या गाळात आता लग्नाआधीचं शूटिंगही होतं. वर ड्रोन, खाली भेगाळ जमिनीवरून नवरीचा लांबलचक गाऊन, मागं बुडालेल्या गावाची भिंत. हसू येतं, पण पन्नास वर्षांनी त्या भिंतीचं चलच्चित्र हवं असेल तर ते कुणाच्या तरी लग्नाच्या अल्बममध्येच सापडेल, अशीही शक्यता आहे.

शांततेचं रेकॉर्डिंग

‘त्रिज्या’ला ६७व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत ध्वनीसाठी पुरस्कार मिळाला, ध्वनिआरेखक मंदार कमलापूरकर यांना. अशा सिनेमात आवाजाचं काम कसं चालतं हे बघण्यासारखं असतं. शॉट झाला, दिग्दर्शक ‘कट’ म्हणाला, नटांनी अंग सैल सोडलं, की ध्वनिमुद्रक ओरडतो, ‘कुणी हलू नका, अँबियन्स घेतोय.’ मग सगळं युनिट आहे तिथं खांबासारखं उभं. जनरेटर लांब वायर टाकून आधीच ओढ्यापलीकडं नेलेला. माइकवर वाऱ्यासाठी केसाळ टोपी. मिनिट-दोन मिनिटं त्या जागेची नुसती शांतता टिपायची. तेवढ्यात कुणाची तरी जांभई, लांबून पंपाचा ठोका, बघ्यांतल्या पोराची चप्पल. पुन्हा पहिल्यापासून. ही शांतता प्रत्येक जागेची वेगळी असते. उघड्या रानातली आणि उसाच्या फडाशेजारची एकमेकींच्या जागी चालत नाहीत, कारण उसाची पात सारखी घासत असते.

सोलापूर शहराची आठवण तर मुळात कानाचीच आहे. १८७७ मध्ये इथं पहिली कापडगिरणी निघाली, तीच पुढं ‘जुनी गिरणी’ म्हणून ओळखली गेली. मग लक्ष्मी-विष्णू, नरसिंग गिरजी, जाम. मराठी, कन्नड, तेलुगू बोलणारी सगळी वस्ती भोंग्यावर उठायची, भोंग्यावर डबा भरायची, रातपाळीच्या भोंग्यावर दारं लावायची. गिरण्या बंद पडल्या. चिमणी, दगडी फाटक, भिंती यांचे फोटो मिळतात. भोंग्याचा आवाज कुणी ध्वनिमुद्रित केला होता का, अशी मी विचारपूस सुरू केली. रोज ऐकू येणारी गोष्ट टिपून ठेवावी असं कुणाला कशाला वाटेल?

ज्यांना हे चित्रपट पाहायचे आहेत त्यांची अडचणही इथंच सांगून टाकतो. असा सिनेमा बार्शीच्या आधी बर्लिनला लागतो. मग पुण्याच्या महोत्सवात एखादा खेळ, एखाद्या फिल्म क्लबात, आणि पुढं कधीतरी मोबाइलच्या पडद्यावर. हा सिनेमा अर्धा कानानं पाहायचा असतो आणि मोबाइलच्या टिचभर स्पीकरवर तो अर्धा जागच्या जागी मरतो. सोलापुरात, करमाळ्यात, मंगळवेढ्यात कॉलेजांचे हॉल आहेत, नाट्यगृहं आहेत. चांगले स्पीकर भाड्यानं मिळतात, लग्नसराई सोडून. कुणीतरी मनावर घ्यायला हवं.

भोंग्याच्या शोधात मी एका संध्याकाळी जुन्या गिरणीच्या भागात दोन निवृत्त कामगारांपर्यंत पोचलो. एक लक्ष्मी-विष्णूत साच्यावर होते, दुसरे नरसिंग गिरजीत. फोनवर रेकॉर्डिंग चालू करून मी भोंग्याचं विचारलं. पहिले म्हणाले, सकाळी आमचा आधी व्हायचा. दुसऱ्यांनी चहाचा कप खाली ठेवला. ‘काय बोललालाव? तुमचा आमच्यामागनं. आमचा ऐकून तुमचावाला दोर ओढायचा.’ मग आवाजाची जात कोणती यावर जुंपली. पहिल्यांनी तोंडानं भोंगा काढून दाखवला, बारीक सुरू होऊन भरत जाणारा. दुसऱ्यांनी तो खोडला आणि स्वतःचा काढला, एकदम भरदार, शेवटी तुटणारा. शेजारच्या बाकावरचा तिसरा माणूस जामचा निघाला आणि त्यानं दोघांनाही चुकीचं ठरवलं. दुकानदारानं मधेच लस्सीचं मिक्सर सुरू केलं. माझ्या फोनमध्ये आता तीन भोंगे, एक मिक्सर आणि ‘गप बसा की वं जरा’ एवढं आहे.